सीलबंद सर

अख्ख्या यवतमाळ जिल्ह्यात आमच्या सरांनी ज्याच्यावर संशय घेतला नाही असा माणूस अजून जन्माला यायचा आहे, आणि आलाच तर सर आधी त्याचा जन्मदाखला उजेडात धरून बघतील. दूधवाल्यावर संशय, पोस्टमनवर संशय, हवामान खात्यावर तर पक्का संशय. कॅलेंडरवर अमावस्या छापलेली असली तरी सर अंगणात येऊन चंद्र खरंच नाही ना, याची खात्री करून घेत. स्वतःलाही त्यांनी कधी सवलत दिली नाही. घरून निघाले की फाटकाची कडी लावायची, दोनदा ओढून पाहायची, कोपऱ्यापर्यंत जायचं, थबकायचं, आणि परत येऊन पुन्हा ओढून पाहायची. मी एकदा म्हटलं, "सर, आत्ता तर लावली तुम्ही." तर म्हणाले, "मी लावली असं मीच म्हणून राह्यलो, बाबू. याले पुरावा काय?"

बाबू म्हणजे मी. सर मुख्याध्यापक होते त्या शाळेत मी कारकून होतो. आमचं गाव दारव्ह्याहून दिग्रसला जाताना मधे लागतं. नाव सांगत नाही, कारण सरांच्या संगतीत राहून मलाही थोडी लागण झाली आहे. शाळेतली बाकीची मंडळी सरांना वचकून असायची. मी मात्र त्यांच्या मर्जीतला, आणि त्याचं कारण माझी हुशारी नव्हे. मी डावखुरा आहे, हे कारण. "डावखुऱ्याची खोटी सही उजव्या हातानं मारता येत नाही," असा सरांचा सिद्धांत होता, आणि सरांना आयुष्यभर एकच गोष्ट लागत आली, ती म्हणजे भरवशाचा साक्षीदार.

साक्षीदार कशाला, तर कवितांना. सर कवी होते. दहावीच्या बोर्डाच्या परीक्षेचं केंद्र आमच्या शाळेत असायचं आणि त्याचे संचालक सरच. उत्तरपत्रिकांचे गठ्ठे कसे बांधायचे, पाकिटाच्या जोडावर सही कशी घ्यायची, मेणबत्तीवर लाख वितळवून सील कसं मारायचं, यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. तीच रीत त्यांनी कवितेला लावली. कविता झाली की खाकी पाकिटात घालायची, जोडावर दोन साक्षीदारांच्या सह्या घ्यायच्या, वर लाखेचं सील मारायचं आणि पाकीट लोखंडी कपाटात ठेवायचं. एक सही माझी ठरलेली. दुसरी जो सापडेल त्याची, म्हणजे शाळेचा शिपाई, सायकल दुरुस्तीवाला, नाहीतर दारावर आलेला भाजीवाला. साक्षीदारानं कविता वाचायची नाही, ऐकायची नाही, फक्त ती आत गेली एवढं बघायचं. असं करून मी तीनेकशे कवितांचा साक्षीदार झालो आणि त्यातली एकही मला ठाऊक नव्हती. पण सरांच्या या वागण्याला आधार होता. ते सांगत नसत, एकदाच बोलून गेले. कॉलेजात असताना त्यांची पहिली कविता वार्षिकांकात छापून आली होती, खाली नाव दुसऱ्याचं. त्यांच्या वस्तीतून कॉलेजात पोचलेले ते पहिलेच. तक्रार केली तेव्हा संपादकांनी त्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि विचारलं, "ही तुझी आहे यास पुरावा काय?" तो प्रश्न सरांनी पुढं जन्मभर साऱ्या जगाला विचारला.

कविसंमेलनाला मात्र जावं लागे, कारण बोलावणी येत. त्यावरही सरांनी तोड काढली होती. ते कविता वाचायचे, पण एक ओळ सोडून एक. पहिली, तिसरी, पाचवी. दुसरी, चौथी, सहावी कपाटात सुरक्षित. दारव्ह्याच्या एका संमेलनात ते उभे राहिले आणि खणखणीत आवाजात म्हणाले, "नदी म्हणाली, जरा थांब." मग एका ओळीपुरते गप्प. मग, "पाटीवरचं अक्षर म्हणालं, थांब." पुन्हा गप्प. लोकांना वाटलं, सगळेच थांब म्हणतात तर सर आता थांबतीलच. टाळ्या पडल्या. अध्यक्ष नागपूरहून आले होते. त्यांनी भाषणात सरांची तोंड भरून स्तुती केली. या कवीच्या ओळींपेक्षा ओळींमधलं मौन जास्त बोलतं, असं म्हणाले. मला वाटलं सर खूश होतील. परतीच्या जीपमध्ये ते माझ्या कानाशी लागून म्हणाले, "बाबू, मधल्या ओळी त्या माणसाले कशा समजल्या? कपाटाची दुसरी चावी कोनाकडे आहे, सांगा."

शिक्षक म्हणून त्यांचा संशय कसा चालायचा, हे पाहण्यासारखं होतं. वर्गात ते फळ्यापाशी उभेच राहत नसत. मागच्या बाकाच्या मागून शिकवायचे, म्हणजे पोरांची मान कुठे वळते ते दिसतं. घटक चाचणीला एका वर्गाला तीन वेगळे पेपर काढायचे. पण त्यांचा सगळ्यात मोठा संशय पोरांवर नव्हता, हे मला फार उशिरा उमगलं. तो होता नापासाच्या शेऱ्यावर. एखादं पोर नापास झालं, की सर त्या शिक्षकाला बोलावून घ्यायचे, पेपर मागायचे, उजेडात धरायचे आणि म्हणायचे, "हा पोरगा ढ आहे म्हनता. मले शंका आहे." तांड्यावरची एक मुलगी गणितात सतत शून्यावर यायची. गणिताच्या सरांनी तर तिची आशाच सोडून दिली होती. सरांनी पंधरा दिवस पाळत ठेवली, तिच्यावर नव्हे, गणिताच्या सरांवर. मग एक दिवस तिला उठवून फळ्यापाशी नेलं आणि तिथं तिनं भराभर गणितं सोडवली. तिला मागून दिसतच नव्हतं. सर स्वतः तिला एसटीनं यवतमाळला डोळ्यांच्या डॉक्टरकडे घेऊन गेले. डॉक्टरांनी नंबर सांगितला तेव्हा म्हणाले, "पुन्हा एकदा तपासा. घाईत झालं." ती आज सरकारी दवाखान्यात परिचारिका आहे. सरांचा रक्तदाब तीच मोजते आणि सर तिला दोनदा मोजायला लावतात.

राजकारणात ते असेच संशयानं गेले. नगरपंचायतीचे लोक पाण्याच्या टाकीत जी पांढरी पूड टाकतात ती ब्लीचिंग नसून खडू आहे, असं सरांचं म्हणणं पडलं. "सारा जन्म खडूत गेला माझा," ते म्हणायचे, "खडू मले वासानं समजते." निवृत्त होताच उभे राहिले आणि पहिल्या खेपेला भरघोस मतांनी निवडून आले. पाच वर्षं सभागृहात त्यांनी इतके प्रश्न विचारले की मुख्याधिकारी रजेचे अर्ज आधीच टाइप करून ठेवायचे. पण टाकीत ब्लीचिंग पडू लागलं. आमच्या वस्तीत पोटाच्या तक्रारी कमी झाल्या, हे त्यांचे विरोधकही मान्य करतात. सरांनी मात्र ते पाणी उकळूनच प्यायलं.

दुसऱ्या निवडणुकीत घात झाला. समोर उभा होता मेडिकल दुकानवाला, सरांचाच विद्यार्थी, गोड बोलणारा, वाटेत कुठंही भेटला तरी सरांच्या पाया पडणारा. सरांना वाटलं, आपली आश्वासनं हा पोरगा चोरणार. म्हणून त्यांनी आपला जाहीरनामा पाकिटात घातला, जोडावर माझी सही घेतली, सील मारलं आणि प्रचारसभेत ते पाकीट उंच धरून सांगितलं, "माझा जाहीरनामा यात आहे. मतदान झाल्यावर उघडण्यात येईल." खाली बसलेल्या एका म्हातारीनं विचारलं, "बापा, मंग आमी मत कायच्यावर देवाव?" सर म्हणाले, "विश्वासावर." हे त्यांनीच म्हणावं.

आता माझं पाप सांगतो. इतकी वर्षं कुणाजवळ बोललो नाही.

मतदानाच्या दिवशी दिग्रसला माझ्या मेहुण्याकडे साखरपुडा होता. सर म्हणाले होते, "बाबू, आधी मत, मंग पंगत." मी म्हटलं, दुपारी तीनपर्यंत येतोच. पण तिकडं आग्रह झाला, जेवण अंगावर आलं, पंख्याखाली पाच मिनिटं पाठ टेकतो म्हटलं, आणि उठलो तेव्हा पाच वाजून गेले होते. मतदान साडेपाचला बंद. मिळेल त्या जीपला लोंबकळत आलो तर केंद्राचं दार लागलेलं. सर बोट बघणार हे मला माहीत होतं. सकाळपासून ते अख्ख्या प्रभागाची बोटं बघत फिरत होते. घरी गेलो, नातीच्या दप्तरातून जांभळा स्केचपेन काढला आणि बोटावर आडवी रेघ ओढली. दुसऱ्या दिवशी मतमोजणीला सर भेटले. माझा हात हातात घेतला, बोट उलटसुलट पाहिलं, आणि सोडून दिलं.

सर एका मतानं पडले.

एका मतानं. मी गेलो असतो तर बरोबरी झाली असती, चिठ्ठी टाकली असती, नशीब कुठंही फिरलं असतं. मला दोन दिवस अन्न गेलं नाही. आणि त्यावर कहर म्हणजे सरांनी चौकशी सुरू केली आणि चौकशीचा लेखनिक म्हणून मला नेमलं. रोज सकाळी चहाच्या टपरीवर आम्ही दोघं बसायचो. ज्यांनी ज्यांनी मत देण्याचा शब्द दिला होता त्यांना सर एकेक करून बोलवायचे आणि मी डाव्या हातानं जबाब लिहून घ्यायचो. सायकलवाल्यानं आईची शपथ घेतली. सर म्हणाले, "आई हयात आहे काय, ते लिहा." एकजण वैतागून म्हणाला, "सर, तुमाले नाई देल्लं तं काय झालं, कायले जीव खाऊन राह्यले आमचा?" तेही मला लिहावं लागलं. आणि प्रत्येक जबाबागणिक मला वाटायचं, आता सर वळतील आणि म्हणतील, बाबू, आता तुमचा. त्यांनी नुसती मान हलवली तरी माझा पेन अडखळायचा. सबंध गावावर सरांचा संशय, आणि सरांवर माझा, की यांना सगळं समजलेलं आहे आणि हे मुद्दाम मला शिजवत ठेवत आहेत. महिनाभरानंतर एका सकाळी ते नुसतेच आले, चहा प्यायले आणि म्हणाले, "बंद करा फाईल." मी विचारलं, "सापडला काय, सर?" ते म्हणाले, "सापडला." नाव नाही सांगितलं. मी विचारलं नाही. त्या दिवसापासून आठ वर्षं मी त्यांच्यासमोर खिशात हात घालून बसतो.

गेल्या वर्षी सरांचं विसरणं सुरू झालं. आधी चष्मा, मग वार, मग माणसं. लोकांना त्याचं वाईट वाटायचं, मला वेगळ्याच गोष्टीचं वाटायचं. सर संशय घ्यायचेच विसरले. भाजीवाल्यानं दिलेलं वांगं न दाबता घ्यायचे. अनोळखी माणूस फाटकात दिसला की "या, बसा" म्हणायचे. एकदा कपाटाच्या चाव्यांचा जुडगा त्यांनी मीटर वाचायला आलेल्याच्या हातात ठेवला आणि सांगितलं, "राहू द्या तुमच्याजवळ." तो बिचारा परत द्यायला माझ्याकडे आला. मी तो जुडगा हातात घेऊन किती वेळ उभा होतो कोण जाणे. कधी काळी या माणसानं मला, स्वतःच्या साक्षीदाराला, त्या कपाटाकडे पाठ करून बसायला सांगितलं होतं.

त्यांची मुलगी नागपूरला प्राध्यापिका आहे. ती रजा टाकून आली. तिला बाबांचं पुस्तक काढायचं होतं, बाबांना ते हातात धरता येईल तोवर. पण तीही त्यांचीच लेक. म्हणाली, "काका, सीलं मी एकटी नाही तोडणार. सह्या तुमच्या आहेत. तुमच्यासमोरच तोडू." मग तीन दिवस आम्ही अंगणात चटई टाकून बसलो. ती सील तोडायची, मी माझी सही ओळखून हो म्हणायचो आणि ती वाचायची. सर शेजारी खुर्चीत, दुसऱ्या कोणाचं तरी ऐकतो आहोत अशा कौतुकानं. नदीची कविता निघाली. तिनं ती मोठ्यानं वाचली, मधल्या ओळींसकट.

नदी म्हणाली, जरा थांब,
तुझी तहान मला ठाऊक आहे.
पाटीवरचं अक्षर म्हणालं, थांब,
तुझं नाव अजून लिहायचं आहे.

मला रडू आलं. दारव्ह्याच्या त्या मांडवात हे ऐकायला मिळालं असतं तर, असं वाटलं. सर म्हणाले, "चांगली आहे. कोनाची?" मुलीनं सांगितलं, "तुमचीच आहे, बाबा." त्यांनी लगेच मान डोलावली. पुरावा मागितला नाही.

तिसऱ्या दिवशी तळाशी एक पाकीट निघालं. त्यावर सील होतं, पण जोडावर सही एकच, सरांची. साक्षीदाराची जागा मोकळी. कोपऱ्यात लिहिलेलं, "निवडणूक चौकशी, अंतिम अहवाल." म्हटलं, भरला घडा. आता लेकीच्या तोंडून ऐकावं लागणार. पळून जावं असंही मनात आलं, पण चपला सरांच्या खुर्चीखाली होत्या. तिनं सील तोडलं आणि वाचायला लागली.

"मतदानाच्या दिवशी सकाळी साडेसात वाजता मी केंद्रावर गेलो. स्वतःचा पेपर स्वतः तपासू नये, हा नियम मी सेवेत कधी मोडला नाही. त्यामुळे स्वतःला मत देणे मला पटले नाही. दुसरा उमेदवार माझा विद्यार्थी. गणितात कच्चा, पण मनाने चांगला. माझे मत त्याला दिले. एका मताने पराभव झाला. मी स्वतःला मत दिले असते तर एका मताने निवडून आलो असतो. जबाबदार व्यक्ती मी आहे. इतरांची चौकशी महिनाभर केली, कारण स्वतःची करण्याचे धैर्य होत नव्हते. सर्वांची माफी."

मुलगी खुदकन हसली आणि लगेच पदरानं डोळे पुसले. मग म्हणाली, "काका, खाली अजून आहे. तुमच्याबद्दल."

"ता. क. बाबूंच्या उजव्या हाताच्या बोटाला शाई होती. मतदान अधिकारी शाई डाव्या हाताच्या बोटाला लावतात. उजव्या बोटाला स्वतः रेघ ओढणारा मनुष्य डावखुराच असणार. रंग स्केचपेनचा. म्हणजे बाबू मतदानास आले नाहीत. पण गैरहजर राहणे म्हणजे कॉपी करणे नव्हे. गैरहजर विद्यार्थ्यास मी कधी नापास म्हटलेले नाही. बाबूंविषयी शंका नाही. या अहवालास साक्षीदार घेता आला नाही, कारण भरवशाचा साक्षीदार एकच आहे, आणि त्याला हे पाकीट पाहूनच लाज वाटली असती."

आठ वर्षं. आठ वर्षं या माणसानं माझ्या खिशातल्या हाताकडे पाहिलं आणि मला चहा पाजला. मला स्वतःचा असा राग आला की काय सांगू. एवढंसं बोललो असतो तर दोघांचंही ओझं उतरलं असतं. एक पेन मागितला आणि साक्षीदाराच्या मोकळ्या जागेवर डाव्या हातानं सही केली. मग खुर्चीपाशी जाऊन त्यांच्या पायाशी बसलो. म्हटलं, "सर, त्या दिवशी मी मत टाकायला आलो नव्हतो. दिग्रसला झोपलो होतो. शाई खोटी होती."

सरांनी माझा हात हातात घेतला. बोट उलटसुलट पाहिलं, अगदी तसंच. माझ्या मनात वेडी आशा जागी झाली की आता ते डोळे बारीक करतील आणि विचारतील, याले पुरावा काय. करावा त्यांनी संशय, एकदाच, माझ्यावरच करावा. पण त्यांनी माझं बोट हलकेच थोपटलं आणि वर्गात एखाद्या रडवेल्या पोराशी बोलावं तसं म्हणाले, "पेपर हुकला काय? असू द्या. पुढच्या खेपेले बसा."

निघायला संध्याकाळ झाली. मुलगी दारापर्यंत आली, सर खुर्चीतूनच हात हलवत होते, कोणाला ते त्यांनाही ठाऊक नसावं. मी बाहेर आलो, फाटकाची कडी लावली, दोनदा ओढून पाहिली. कोपऱ्यापर्यंत गेलो. तिथं थबकलो, परत आलो आणि पुन्हा एकदा ओढून पाहिली. आता हे काम कोणीतरी करायला हवं.